मार्चमधला रुपया, भाद्रपदातला रुपया

माझी बहुतेक नोकरी रायगड जिल्ह्यातल्या पेण आणि रोहा तालुक्यांत, पंचायत समितीच्या लेखा विभागात गेली. योजना मंत्रालयात कशी आखली जाते ते मी कधी पाहिलं नाही. ती वाडीवर पोचते तेव्हा तिचं काय झालेलं असतं, ते मात्र जवळून पाहिलं. आता निवृत्तीनंतर नवे सरपंच, तरुण ग्रामसेवक घरी येऊन बसतात. त्यांचा प्रश्न ठरलेला असतो: "काका, निधी तर येतो. खर्चही होतो. मग तीच घरं वर्षानुवर्षं गरीब कशी?" त्यांना वेळोवेळी जे सांगत आलो, ते इथे एकत्र लिहितो आहे.

१. गरिबाचं वर्ष एप्रिलमध्ये सुरू होत नाही.

सरकारचं वर्ष १ एप्रिल ते ३१ मार्च. ब्रिटिशांनी १८६७ साली ते आपल्याला लावून दिलं. पेणच्या पूर्वेकडच्या डोंगरपट्ट्यातल्या किंवा रोह्यातल्या एखाद्या कातकरवाडीचं, म्हणजे कातकरी आदिवासींच्या वस्तीचं, वर्ष मात्र वेगळं आहे. पाऊस तोंडावर आला की माणसं वीटभट्टीवरून परत येतात. आषाढात दुसऱ्यांच्या शेतावर लावणी मिळते. ती आटोपली की श्रावण-भाद्रपदाचे दिवस सगळ्यांत कठीण जातात. हाताला काम नसतं, घरात दाणा नसतो, झोपडी गळत असते, पोरं तापाने फणफणलेली असतात आणि त्यातच गौरी-गणपती येतात. मग कापणी-झोडणीची थोडी मजुरी होते. दिवाळी झाली की वाडी रिकामी होते. कोणी वीटभट्टीवर जातं, कोणी कोळसा पाडायला घाटावर, कोणी थेट कर्नाटकात. मागे राहतात म्हातारी माणसं.

आता निधीची वाट बघा. अर्थसंकल्प मार्चमध्ये मंजूर होतो. तरतूद टप्प्याटप्प्याने संगणकावर वितरित होते. पावसाळाभर अंदाजपत्रकं, प्रशासकीय मान्यता, तांत्रिक मान्यता यांत कागद फिरत राहतो. मध्येच एखादी आचारसंहिता लागते. पैसा खऱ्या अर्थाने हलतो तो डिसेंबरनंतर, आणि फेब्रुवारी-मार्चमध्ये त्याचा लोंढा येतो. ३१ मार्चच्या रात्री कोषागारात बिलं घेऊन उभे असलेले कर्मचारी ज्यांनी पाहिले आहेत, त्यांना 'मार्च एंड' म्हणजे काय ते सांगायला नको. निधी व्यपगत होऊ नये, ही त्या रात्रीची एकमेव चिंता असते.

म्हणजे वाडीला पैशाची सर्वांत जास्त गरज भाद्रपदात असते आणि सरकारच्या हातून तो मार्चमध्ये सुटतो, वाडीत कोणी नसताना. एका वर्षी ताडपत्र्या मार्चअखेरीस वाटल्या गेल्या. यादीतली नावं बरोबर होती, खरेदी नियमात होती, लेखापरीक्षणात एकही आक्षेप निघाला नसता. पण ज्या पावसासाठी त्या हव्या होत्या तो पडून गेला होता, आणि घ्यायला वाडीत चार म्हाताऱ्या होत्या.

हे कोणाच्या लक्षात आलं नव्हतं असं नाही. आर्थिक वर्ष बदलावं का, याचा विचार करायला नेमलेल्या एल. के. झा समितीने १९८५ च्या सुमाराला जानेवारी ते डिसेंबर हे वर्ष सुचवलं होतं. मान्सून कसा झाला हे कळल्यावर अर्थसंकल्प व्हावा, हा त्यामागचा विचार होता. सरकारने तो स्वीकारला नाही. माझं म्हणणं त्याहून लहान आहे. वर्ष बदलू नका, पण गरिबांच्या योजनांच्या मान्यता पावसाळ्यात उरका. जूनमध्ये मान्यता आणि ऑगस्टमध्ये पैसा, हे आजच्याच नियमांत बसतं. आणि सरपंचाने तालुक्याला जाऊन "पैसे किती आले?" एवढंच न विचारता "कोणत्या महिन्यात येणार?" हेही विचारायला शिकावं.

२. योजनेची खरी स्पर्धा उचलीशी आहे.

भाद्रपदात वाडीवर एक माणूस न चुकता येतो: भट्टीचा मुकादम. त्याच्या खिशात रोख असते. तो जातीचा दाखला मागत नाही, आधार मागत नाही, बँकेचं पासबुक मागत नाही. दारात बसतो आणि उचल देतो. आजारपण, लग्न, सण, जी काही नड असेल ती त्या संध्याकाळी भागते. बदल्यात अख्खं कुटुंब, लहान पोरांसकट, पुढचा मोसम त्याचं होतं. भट्टीवर आठवड्याला खर्ची मिळते. हजार विटांमागे मजुरी ठरते आणि हिशेब होतो तो अगदी शेवटी. उचल फिटली नाही तर उरलेली रक्कम पुढच्या सालावर चढते. वेठबिगारी १९७६ च्या कायद्याने बंद झाली. पण ज्या घराला भाद्रपदात दुसरं दारच नाही, त्याला कायद्याने काय सोडवायचं?

आमच्या योजना या माणसाशी स्पर्धा करतात याचं भान कचेरीत कोणाला नव्हतं. तो त्याच दिवशी पैसे देतो आणि आपण दहा कागद मागून सहा महिन्यांनी देतो. उचलीची रक्कम फार मोठी नसते, हे मला सगळ्यांत जास्त खुपत आलं आहे. एका कुटुंबाचा मोसम वाचवायला सरकारला लागणारा पैसा त्याच कुटुंबाच्या नावावर वर्षभरात होणाऱ्या खर्चापुढे थोडका असतो. फक्त तो त्या पंधरवड्यात हातात पडायला हवा.

खावटीची कल्पना मुळात याच जाणिवेतून आली होती: पावसाळ्यात आदिवासी घराने सावकाराच्या दारात जाऊ नये. ती कर्जयोजना मध्यंतरी बंद पडली. सप्टेंबर २०२० मध्ये, करोनाच्या काळात, ती खावटी अनुदान म्हणून परत आणली गेली. कुटुंबाला ४,००० रुपये, त्यातले २,००० खात्यात आणि २,००० चा किराणा. किराणा पोचेपर्यंत पुढचं साल उजाडलं. खरेदीची निविदा, पुरवठा, वाहतूक हे सगळं वस्तूंच्या मागे लागतं. खात्यात रक्कम टाकायला ते लागत नाही. वस्तू द्यायला माझा सरसकट विरोध नाही. पण नडीच्या दिवसांत रोख लवकर पोचते, हे त्या वर्षीच्या कागदांत स्पष्ट दिसतं.

३. रोजगार हमी महाराष्ट्राने जगाला दिली, पण तिचं वेळापत्रक कोकणासाठी नव्हतं.

हमी योजनेबद्दल मला मनापासून अभिमान आहे. वि. स. पागे यांनी १९६५ मध्ये तासगाव तालुक्यातल्या विसापूरला जो प्रयोग केला, तो १९७२ च्या दुष्काळात राज्यभर उभा राहिला. १९७७ मध्ये त्याचा कायदा झाला आणि २६ जानेवारी १९७९ पासून तो अमलात आला. पुढे २००५ च्या केंद्रीय कायद्याला हाच पाया मिळाला. त्यातली पैशाची बाजू मला सगळ्यांत शहाणपणाची वाटते. १९७५ मध्ये व्यवसाय कर लावला, तो या हमीसाठी. मुंबईतल्या नोकरदाराच्या पगारातून दरमहा २०० आणि फेब्रुवारीत ३०० रुपये कापले जातात, त्या कपातीचं मूळ इथे आहे. शहराने गावाच्या मजुरीचा भार उचलावा, आणि सरकारने त्यात आपली भर घालावी. गरिबांसाठीचा खर्च दरवर्षी कोणाच्या मर्जीवर राहू नये, त्याला स्वतःचा झरा असावा, हे त्या पिढीने ओळखलं होतं.

पण दुष्काळी मुलखासाठी घडलेली योजना भाताच्या मुलखात आली तेव्हा तिचे महिने जुळले नाहीत. आमच्याकडे पाऊस ऑक्टोबरपर्यंत रेंगाळतो, शेतं नोव्हेंबरपर्यंत भरलेली असतात. मातीकाम निघतं ते जानेवारीत. तोवर मजूर भट्टीवर पोचलेला असतो. मग अहवालात लिहिलं जातं: 'या तालुक्यात कामाची मागणी नाही.' हे वाक्य मी कितीतरी फायलींत वाचलं आहे. मजुरी बाजारभावापेक्षा कमी आहे हेही खरंच. २०२४-२५ ला राज्यातला दर २९७ रुपये होता, आणि पेणच्या बाजारात गड्याला त्याहून जास्त मिळतात. तरी कातकरी बाईशी बोला. पोरांना शाळेत ठेवून गावातच कमी मजुरीवर राहायला ती तयार असते, जर मजुरी पंधरा दिवसांत मिळणार असेल.

रोह्यातल्या एका तरुण ग्रामसेवकाने हे करून दाखवलं. शेल्फवरची, म्हणजे आराखड्यात तयार ठेवलेली, कामं त्याने जुलै-ऑगस्टमध्येच मंजूर करून घेतली. नमुना ४ चे, म्हणजे काम मागण्याचे, अर्ज भाद्रपदात, मुकादम यायच्या आधी, वाडीत बसून भरून घेतले. कापणी संपताच काम सुरू केलं आणि पहिल्या हजेरीपटाची मजुरी दिवाळीच्या आत खात्यात पडेल यासाठी रोज पाठपुरावा केला. सगळी वाडी थांबली नाही. काही घरं थांबली, आणि त्या घरांतली मुलं त्या वर्षी परीक्षेला बसली. सरकारचा एक पैसाही त्याने जादा खर्च केला नव्हता.

४. पायाखालची जमीन आधी, घर नंतर.

नोव्हेंबर २०२३ मध्ये पीएम-जनमन अभियान आलं. २४,१०४ कोटींचं हे अभियान देशातल्या अतिमागास आदिम जमातींसाठी आहे. महाराष्ट्रात अशा जमाती तीन: कातकरी, कोलाम आणि माडिया गोंड. घराला २ लाख, शिवाय शौचालयाचे पैसे आणि हमीची मजुरी. पण पेण-रोह्यातल्या कितीतरी वाड्या खाजगी मालकाच्या नाहीतर वनखात्याच्या जमिनीवर वसलेल्या आहेत. तीन पिढ्या राहिलेलं घर, पण खालची जागा दुसऱ्याची. घरकुल मंजूर होतं आणि 'जागा उपलब्ध नाही' या शेऱ्याने अडकतं. जागा खरेदीसाठी राज्याची मदत आहे. ती आता १ लाखापर्यंत वाढली आहे. नवी मुंबईच्या सावलीत, अटल सेतू झाल्यानंतरच्या पेणमध्ये, तेवढ्यात काय मिळेल ते जमिनीचे भाव ज्यांना ठाऊक आहेत त्यांनी सांगावं.

शेतजमिनीचंही तेच. १९९० पासून हमीशी जोडलेल्या फळबाग योजनेने कोकणात आंबा-काजू उभा केला. फार चांगली योजना. पण ती सातबारावाल्याची. कातकऱ्याने खड्डे खणले आणि कलमं दुसऱ्याच्या शेतात वाढली. त्याच्याकडे होती ती दळी: डोंगरउतारावर नाचणी-वरी करायला ब्रिटिश अमदानीपासून मिळालेली वनजमीन, जिचा हक्क नोंदीत कधी नीट उतरला नाही. २००६ च्या वनहक्क कायद्याने ती वाट उघडली. ज्याचा दावा मंजूर झाला, त्याच्या नावावर पुढच्या दहा योजना जाऊ शकतात. भूदानाची चळवळ उभारणाऱ्या विनोबांचं जन्मगाव गागोदे याच पेण तालुक्यात आहे, याची आठवण मला दळीच्या फायली हाताळताना नेहमी व्हायची. माझा सल्ला रोखठोक आहे: मोजणी, गावठाण, वनहक्क दावे यांवर आधी माणसं लावा. हा खर्च दिसत नाही, त्याचा फोटो निघत नाही, आणि तो केल्याशिवाय बाकीचा खर्च चिकटत नाही.

५. दुरुस्तीला भूमिपूजन नसतं, म्हणून दुरुस्ती होत नाही.

पेणच्या पश्चिमेला खारेपाट आहे: वाशी, वढाव आणि आसपासची गावं. इथली आगरी-कोळी घरं समुद्राला बांध घालून मिळवलेल्या जमिनीवर जगतात. बाहेरचा बांध मातीचा, त्याला उघाडी, म्हणजे ओहोटीला आतलं पाणी बाहेर सोडणारी आणि भरतीला बंद होणारी दारं. पूर्वी गावकरी मिळून हे बांध राखत, त्याला जोळ म्हणत. बांधाला बारीक भोक पडलेलं दिसलं की त्याच दिवशी चिखलाने बुजवायचं, हा नियम होता. मग खारभूमीचा कायदा झाला, १९७९ मध्ये नवा कायदा आला, सरकारने जबाबदारी घेतली आणि हळूहळू गावाने हात काढून घेतला. सरकारची जबाबदारी म्हणजे अंदाजपत्रक, निविदा, मान्यता. उधाणाची भरती या कशासाठीही थांबत नाही. आज मूठभर मातीने बुजणारं भोक निधी येईपर्यंत खांड होतं. खारं पाणी भातात शिरतं, आणि एकदा शिरलं की मीठ धुऊन निघायला पुढचे पावसाळे जातात. काल जो शेतकरी होता तो आज रिक्षा चालवतो किंवा कंपनीच्या गेटवर उभा राहतो.

गरिबी हटवण्याचा खर्च म्हटला की आपल्या डोळ्यांसमोर गरिबाला काही देणं येतं. खारेपाटातला बांध वेळेवर बुजवणं हाही गरिबीवरचाच खर्च आहे. तो माणसाला गरीब होऊच देत नाही. नव्या बांधाला कोट्यवधी मिळतात, जुन्याच्या डागडुजीला दर भरतीच्या आधी लागणारे चार पैसे मिळत नाहीत. मला विचाराल तर प्रत्येक खारबांधामागे एक लहान रक्कम गावच्या समितीच्या हाती वर्षभर उपलब्ध हवी, आणि तिच्या खर्चाला आगाऊ मान्यता हवी.

हेच रोह्याच्या कालव्यांचं. टाटांच्या भिरा वीजकेंद्रातून १९२७ पासून बाहेर पडणारं पाणी कुंडलिकेत येतं. कोलाडजवळच्या डोलवहाल बंधाऱ्यावरून ते कालव्यांत वळवलं गेलं आणि रोह्यात उन्हाळी भात उभं राहिलं. ज्या वाड्यांच्या आसपास दुबार पीक होतं तिथला मजूर भट्टीवर कमी जातो. हजेरीपट न उघडता मिळालेला हा रोजगार आहे. कालव्याचं अस्तर फुटलं, टोकाच्या गावांना पाणी पोचेनासं झालं, की तो रोजगार गेला. तो गेल्याची नोंद मात्र कुठल्याच रजिस्टरात होत नाही.

पाण्याच्या नळयोजनांचंही लिहायला हवं. हेटवणे धरण पेण तालुक्यात, त्याचं पाणी नवी मुंबईला, आणि खारेपाटातल्या बायका उन्हाळ्यात टँकरची वाट बघत उभ्या. पंधराव्या वित्त आयोगाच्या निधीतला ८० टक्के वाटा २०२५-२६ पर्यंत ग्रामपंचायतीकडे येत होता, आणि त्यातला ६० टक्के पाणी व स्वच्छतेसाठी बांधलेला होता. असा निधी नवीन टाकीवर घालण्याआधी जुन्या पंपाचा आणि गळक्या वाहिनीचा विचार करा, एवढं प्रत्येक सरपंचाला मी सांगत असतो.

६. कागदावरचा वाटा वाडीपर्यंत आपोआप जात नाही.

सुखथनकर समितीच्या शिफारशीनंतर १९९३-९४ पासून राज्याच्या योजनेतला आदिवासींचा वाटा त्यांच्या लोकसंख्येच्या प्रमाणात, ९ टक्के, आदिवासी विकास विभागाकडे वेगळा काढला जाऊ लागला. देशात तेव्हा हे पुढचं पाऊल होतं. रायगड, रत्नागिरी, सिंधुदुर्ग या तिन्ही जिल्ह्यांचं आदिवासी प्रकल्प कार्यालय पेणलाच आहे. पण रायगड जिल्हा अनुसूचित क्षेत्रात नाही. त्यामुळे २०१५ पासून अनुसूचित क्षेत्रातल्या (पेसा) गावांना थेट मिळणारा ५ टक्के अबंध निधी आमच्या एकाही वाडीला मिळत नाही. इथली वाडी एका मोठ्या गावाच्या ग्रामपंचायतीत एका वॉर्डापुरती असते. ग्रामसभेत तिचे हात कमी पडतात, आणि अनेकदा सभेच्या दिवशी तिचे लोक भट्टीवर असतात.

यावर कायद्याची वाट न बघता दोन गोष्टी करता येतात. १५ ऑगस्टच्या ग्रामसभेच्या आधी वाडीत जाऊन वाडीची सभा घ्यायची, तिचे ठराव लिहून आणायचे आणि ग्रामसभेत वाचायचे. त्या दिवसांत माणसं वाडीवरच असतात. दुसरं म्हणजे ग्रामपंचायतीच्या स्वतःच्या उत्पन्नातले १५ टक्के मागासवर्गीयांसाठी असतात, त्यांचा हिशेब मागायचा. धाटाव औद्योगिक वसाहतीच्या किंवा मोठ्या कारखान्यांच्या परिसरातल्या पंचायतींना कर चांगला मिळतो. तिथे ही रक्कम मामुली नसते.

७. रेशन माणसामागे गेलं पाहिजे.

हे थोडक्यात. कातकरी कुटुंब अंत्योदयात येतं, महिन्याला ३५ किलो धान्याचा हक्क आहे. आता कार्ड कुठल्याही दुकानात चालतं. हे भट्टीवरच्या माणसाला माहीत नसतं आणि भट्टीजवळचा दुकानदार बहुधा सांगत नाही. वाडी सोडून निघण्याआधी, दिवाळीच्या आठवड्यात, अंगणवाडी ताईंनी प्रत्येक घराला हे समजावून सांगितलं तर खर्चीतले पैसे वाचतात.

८. किती आले, ते ज्याचे आहेत त्याला कळू द्या.

युगांडात १९९६ मध्ये एक तपासणी झाली. प्राथमिक शाळांना सरकार जे अनुदान पाठवत होतं, त्यातलं १९९१ ते १९९५ या काळात सरासरी फक्त १३ टक्के शाळेपर्यंत पोचत होतं. सरकारने त्यावर मुख्यतः एक उपाय केला: कोणत्या जिल्ह्याला कधी किती पैसे पाठवले, ते वर्तमानपत्रांत छापायला सुरुवात केली आणि शाळेच्या दारावर लावायला सांगितलं. पुढच्या काही वर्षांत बहुतेक पैसा शाळेपर्यंत पोचू लागला.

आपल्याकडे फलक लावायचा नियम आहे, पण तो ग्रामपंचायतीच्या भिंतीवर लागतो, इंग्रजी संक्षेपांनी भरलेला असतो, आणि वर्षाच्या शेवटी रंगवला जातो. तो वाडीतल्या बोअरिंगपाशी हवा, जिथे दिवसातून दोनदा प्रत्येक घरातलं कोणीतरी येतं. त्यावर योजनेचं लांबलचक नाव नको. या वाडीसाठी किती रुपये आले, कोणत्या तारखेला आले, कोणाच्या खात्यात पडले, पुढचा हप्ता कोणत्या महिन्यात येणार आहे आणि नाही आला तर कोणाला विचारायचं, एवढं मोठ्या अक्षरात लिहावं. ज्यांना वाचता येत नाही त्यांच्यासाठी आशाताईने किंवा आश्रमशाळेतून सुट्टीला आलेल्या एखाद्या मुलीने महिन्याच्या पहिल्या रविवारी ते मोठ्याने वाचावं. आणि हे वाचन ज्येष्ठात सुरू करावं, म्हणजे मुकादम येईपर्यंत वाडीला आपला हिशेब पाठ झालेला असेल.